सात बेटांवरची लढाई: जादूच्या जगातलं युद्ध कसं लिहावं

माझ्या अद्भुत कादंबरीतली पहिली लढाई तीस पानांची होती. कोजागिरीची संध्याकाळ, सूर्य समुद्रात टेकलाय, पूर्वेकडून पिवळाजर्द चंद्र वर येतोय आणि चाळीस होड्या शिडं सोडून माहीमच्या खाडीत घुसतायत, असं तिचं पहिलं दृश्य. मला ते फार आवडायचं. वरळी कोळीवाड्यातल्या एका मावशींना मी ते वाचून दाखवलं. लहानपणापासून त्यांनी समुद्र पाहिलाय. त्या शांतपणे ऐकत होत्या. चंद्र वर आला तसा त्यांनी मला हाताने थांबवलं.

"पौर्णिमेला दिवेलागणीला खाडीत सुकती असते रे बाबा. पाणी नसतं, चिखल असतो. तुझ्या होड्या काय चालत येणार?"

तीस पानं तिथेच संपली. माझी सेना उभी होती ते पाणीच नव्हतं. जादूगार, मंत्र, झेंडे, सगळं त्या चिखलात रुतलं. घरी येऊन मी नव्याने लिहायला बसलो आणि त्यानंतरची सात-आठ वर्षं एकच गोष्ट धरून लिहितोय: लढाईचा निकाल लेखकाने लावायचा नाही, जागेने लावायचा. लेखकाचं काम जागा नीट ओळखण्याचं. जादू कितीही मोठी असली तरी तिला त्या जागेत पाय रोवूनच लढावं लागतं.

हा लेख त्या कामाची पद्धत सांगतो. समजायला सोपं जावं म्हणून एकच उदाहरण शेवटपर्यंत वापरतो. जग काल्पनिक, पण जमीन मुंबईची. सात बेटं अजून जोडलेली नाहीत, मधून समुद्र वाहतो. दोन गट आहेत. खाडीकरांना बेटांमधलं पाणी मोकळं हवंय. बांधकऱ्यांना बांध घालून बेटं जोडायची आहेत. महालक्ष्मी आणि वरळी यांच्यामधल्या मोठ्या खिंडारावर त्यांची गाठ पडते.

आधी दोन गाऱ्हाणी लिहा

तलवार, मंत्र, सेनापतीचं नाव यातलं काहीही ठरवण्याआधी दोन कोरे कागद घ्या. एका कागदावर पहिल्या गटाचं गाऱ्हाणं लिहा, दुसऱ्यावर दुसऱ्याचं. प्रत्येकी पंधरा ओळी, प्रथमपुरुषी, आणि त्या गटातल्या अगदी साध्या माणसाच्या तोंडून. राजाच्या नको. भांडण ज्याच्या दारात आलंय त्याच्या.

खाडीकर बाई सांगेल की तिच्या आज्यापासून माशाचं बीज या खिंडारातून आत येतं आणि कांदळवनात वाढतं. बांध पडला की दोन पावसाळ्यांत जाळी रिकामी. बांधकरी सांगेल की दर उधाणाला खारं पाणी आत शिरतं, भाताची खाचरं जळतात, विहिरी मचूळ होतात, आणि गेल्या वर्षी ओहोटीत पलीकडे निघालेली त्याची दोन पोरं भरतीत सापडली, ती परत आलीच नाहीत.

आता दोन्ही कागद शेजारी ठेवून मोठ्याने वाचा. एक वाचताना तुमचा आवाज पडेल आणि दुसरा वाचताना चढेल, तर एक गट तुम्ही दुष्ट ठरवून मोकळे झालात असं समजा. परत लिहा. दोन्ही गाऱ्हाणी खरी वाटेपर्यंत पुढे जाऊ नका. माझा यात कधी कधी आठवडा जातो आणि त्याचं मला काही वाटत नाही, कारण पुढच्या प्रत्येक पानाला बळ इथूनच मिळतं.

हा वाद मी हवेतून काढलेला नाही. मुंबई अशीच जोडली गेली. खिंडारावरचा बांध, हॉर्नबी वेलार्ड, १७८४ च्या सुमारास पुरा झाला. त्याच्यावरून जाणाऱ्या रस्त्याला आपण आज लाला लजपतराय मार्ग म्हणतो. माहीमचा कॉजवे १८४५ चा. जमीन मिळाली, रोगट दलदल हटली, आणि पाण्याच्या वाटाही बंद झाल्या. खऱ्या इतिहासात दोन्ही बाजूंना काहीतरी गमवावं लागतं. काल्पनिक लढाईतही तसंच ठेवा.

जागा पायाखाली घाला

नकाशा काढण्याआधी चालून या. मुंबईत राहणाऱ्याला हे सुख फुकट आहे, एक लोकलचं तिकीट पुरतं.

सुरुवात गावांच्या नावांपासून करा, कारण नावांत जुनी जमीन जपून ठेवलेली असते. शीव म्हणजे हद्द. परळचं बेट तिथे संपत होतं, पलीकडे साष्टी. म्हणून टेकडीवर किल्ला. पायधुणी म्हणजे खाडीचा चिखल तुडवून आलेला माणूस जिथे पाय धुवायचा ती जागा. उमरखाडीत खाडी आहे, डोंगरीत डोंगर आहे. तुमची लढाई डोंगरीहून उमरखाडीकडे उतरत असेल तर वरची बाजू कोणाची आणि ओला पाय कोणाचा, हे नावातच सांगून झालंय.

मग पाणी. समुद्राकाठची लढाई लिहिणाऱ्याला भरती-ओहोटीचं गणित यायलाच हवं. आपल्या किनाऱ्यावरचा जुना आडाखा असा: तिथीची पाऊणपट करा, साधारण त्या वाजता पूर्ण भरती. चतुर्थी असेल तर चाराचे पाऊणपट तीन, म्हणजे पहाटे तीन आणि दुपारी तीनच्या आसपास. अष्टमीला सहा. पौर्णिमा-अमावास्येला सव्वाअकरा ते बाराच्या सुमारास, दुपारी आणि मध्यरात्री. त्याच्या आधी आणि नंतर सहा-सहा तासांनी ओहोटी. अर्ध्या-पाऊण तासाचा फरक पडतो, पण गोष्टीला तेवढं पुरतं. शिवाय पौर्णिमा-अमावास्येच्या आगेमागे उधाण, म्हणजे पाणी चढतंही खूप आणि उतरतंही खूप. अष्टमीच्या सुमाराला भांग, पाण्याची हालचाल कमी. माझी चूक आता तुमच्या लक्षात आली असेल. पूर्ण चंद्र उगवतो सूर्यास्ताला, आणि मुंबईत त्याच वेळी पाणी तळाला गेलेलं असतं.

हे डोळ्यांनी पाहायचं असेल तर पौर्णिमेच्या दिवशी सकाळी हाजी अलीपाशी जाऊन उभे राहा. दर्ग्याकडे जाणाऱ्या वाटेवरून ओहोटीत माणसं चालत जातात, भरतीत तीच वाट पाण्याखाली जाते. घड्याळ लावून पाहा: पहिली लाट वाटेवर कधी आली, चप्पल हातात घ्यायची वेळ कधी आली, वाट दिसेनाशी कधी झाली. या तीन वेळा वहीत टिपल्यात तर कुठलीही सेना कुठल्याही बांधावर अडकवता येईल.

चालताना चार गोष्टी टिपा. पायाखाली काय आहे: खडक, वाळू, गुडघाभर चिखल की फरसबंदी. आवाज कुठवर जातो. वारा कुठून येतो. आणि माणूस कुठून पळेल. चौथी बहुतेक जण विसरतात. पळायची वाट माहीत नसली की लेखक सगळ्यांना शेवटपर्यंत लढवतो. माणसं तशी लढत नाहीत. फळी फुटली की ती पळतात.

जादूला हद्द घाला

इथे मला जरा सविस्तर लिहायचंय, कारण मराठीत अद्भुत लिहिणारे आपण सगळे इथेच घसरतो. हातातून ज्वाळा, डोळ्यांतून वीज, आकाशातून पर्वत. सगळं कुठेही, केव्हाही, फुकट. अशी जादू आली की लढाईतली भीती जाते.

आपल्या लोककथांकडे पाहा. त्यात जादूची फार शहाणी मांडणी आहे. मुंजा पिंपळावर राहतो, पिंपळ सोडत नाही. आसरा डोहाच्या, पाणवठ्याच्या. गिऱ्हा पाण्याशी माणसाला गाठतो आणि खोलात ओढतो, माळावर त्याचं काही चालत नाही. चकवा लागला की माणूस रात्रभर त्याच त्या जागेभोवती फिरत राहतो. गावचा राखणदार शिवेपर्यंत. शीव ओलांडली की त्याची सत्ता संपली. म्हणजे आपल्याकडची प्रत्येक शक्ती कुठल्यातरी जागेला बांधलेली आहे. खिशात घालून रणांगणावर नेता येईल अशी ती नाही. लढाई लिहिणाऱ्याला याहून चांगली देणगी कुठली? चकवा कांदळवनात शंभर माणसांचा घास घेईल. पण सरळ बांधावर, जिथे पुढे आणि मागे अशा दोनच दिशा आहेत, तिथे तो काय करणार? शहाणा सेनापती शत्रूला तिवरांच्या झाडीत ओढायचा प्रयत्न करील आणि दुसरा शहाणा सेनापती आपल्या माणसांना बांध सोडू देणार नाही. एवढ्या एका नियमातून डावपेच आपोआप निघाले.

प्रत्येक गटाला एकच मुख्य शक्ती द्या आणि तिला तीन प्रश्न विचारा. ही येते कुठून? हिची किंमत काय, आणि ती कोण चुकवतो? हिला अडवतं काय?

आमच्या उदाहरणात खाडीकर पाण्याला गाऱ्हाणं घालून भरती लवकर बोलावू शकतात. पण ते पाणी उसनं असतं. तीन तास आधी आणलं, तर खऱ्या भरतीच्या वेळी समुद्र ते परत घेतो. दुपारी बाराची भरती नऊला आणली की बाराला खाडी कोरडी. बांधकऱ्यांची शक्ती शब्दात आहे. प्रत्येक चिरा बसवताना पाथरवट एक वचन देतो. वचन पाळलं जातं तोवर चिरा डोंगरासारखा अढळ, मोडलं की तो सुटतो. किंमत दोघांनाही आहे, आणि ती लढाईच्या मधोमध वसूल होते. शक्तीची किंमत लढाई संपल्यावर, उपसंहारात वसूल करणारे लेखक मला आवडत नाहीत. सावकार दारात तेव्हाच उभा राहतो जेव्हा घरात लग्न असतं.

वेलार्डचीच दंतकथा आठवा. बांध घालावा आणि समुद्राने तो पाडावा, असं पुन्हा पुन्हा होत राहिलं. मग रामजी शिवजी प्रभू यांच्या स्वप्नात देवी आली, समुद्रातून मूर्ती निघाल्या, त्यांची स्थापना झाली आणि बांध टिकला. तिथे जादू म्हणजे देवाणघेवाण आहे. समुद्राकडून जागा हवी असेल तर त्याच्या पोटातलं आधी मानाने वर काढा.

एक विनंती मात्र करतो. ज्या देवस्थानांपुढे आजही लोक हात जोडतात त्यांना शस्त्र म्हणून वापरू नका, आणि कुठल्याही जातीचा किंवा धर्माचा गट उचलून त्याला काळ्या जादूवाला करू नका. आपल्या शहराने दंगली पाहिल्यात. दोन गटांची लढाई हे इथे नुसतं कल्पनेतलं खेळणं नाही. गट वादावरून पाडा, जन्मावरून नाही. दोन्ही बाजूंना एकाच घरातली माणसं असू द्या.

माणसं मोजा, हंडे मोजा

"अफाट सेना" हा शब्द वहीतून खोडा आणि आकडा लिहा. चारशे म्हणा. आता चारशे माणसांना बांधावर उभं करा. बांधाची रुंदी १२ फूट. ढाल घेतलेल्या माणसाला हात हलवायला तीन फूट लागतात. म्हणजे एका रांगेत चार जण. चारशे माणसांच्या शंभर रांगा, दोन रांगांत चार फूट अंतर धरलं तर चारशे फूट लांब शेपूट. त्यातले लढतात किती? पुढचे चार. उरलेले तीनशे शहाण्णव उभे आहेत, घाम पुसतायत, आणि पुढे काय चाललंय ते त्यांना दिसत नाही. त्यांच्यापर्यंत पोचते ती फक्त अफवा. "नाईक पडला" असे दोन शब्द पुढून मागे शंभर रांगांतून आले की काय होतं? अशा जागी एका अफवेने मोडलेली सेना वाचकाला शंभर टक्के पटते, कारण तिथे उभा राहिलेला माणूस काय करील हे त्याला ठाऊक असतं. सकाळी दादरच्या पुलावर कोणीतरी ओरडलं तर काय होईल, ते आपण मुंबईकर अंगाने जाणतो.

मग पाणी प्यायचं. ऑक्टोबरच्या उन्हात, दमट हवेत, चिलखत घालून झगडणाऱ्याला दिवसाला चार लिटर तरी हवं. चारशे माणसांना सोळाशे लिटर. पंधरा लिटरचा हंडा धरला तर शंभरावर हंडे. कोण वाहतं ते? कुठल्या विहिरीवरून? ती विहीर मचूळ झाली तर? समुद्राच्या मधोमध उभं राहून तहानेने हरलेली सेना मी एकदा लिहिली आणि तिच्यासाठी एकही मंत्र लागला नाही.

खरी लढाई वाचायची असेल तर १६७९ ची खांदेरी वाचा. शिवाजी महाराजांनी मुंबईच्या तोंडाशी असलेलं ते बेट ताब्यात घेऊन तटबंदी सुरू केली, इंग्रजांनी गलबतं पाठवून कोंडी केली. मोठी गलबतं वाऱ्यावर अवलंबून. वारा पडला की जागच्या जागी. मराठ्यांच्या छोट्या होड्या वल्ह्यांवर, रात्री उथळ पाण्यातून रसद घेऊन आत जायच्या. दर्यासारंगापेक्षा भाताचं पोतं महत्त्वाचं ठरलं. किंवा १६८९ घ्या. सिद्दी याकूत खानाचं सैन्य शिवडीला उतरलं, माझगाव-माहीम घेत मुंबईच्या किल्ल्यापाशी आलं, आणि शेवट झाला तो इंग्रजांनी औरंगजेबापुढे माफी मागून दंड भरल्यावर. लढाई एका जागी आणि निवाडा दुसऱ्याच, हे लेखकाने मनात ठेवण्यासारखं आहे.

पाण्याचं वेळापत्रक

आता एक तक्ता करा. पहिल्या रकान्यात वेळ, दुसऱ्यात पाण्याची स्थिती, पुढच्या दोनांत दोन गट. हा तक्ता छापायचा नाही, वाचकाला तो कधी दिसणार नाही, पण तुमच्या भिंतीवर तो असलाच पाहिजे. आमच्या कोजागिरीचा असा होतो.

सकाळी सहा. पाणी तळाला. बांधकरी खिंडारात उतरतात, शेवटचे चाळीस चिरे बसवायचे राहिलेत. बांधात एक मोरी ठेवलीय, एका होडीपुरती. कोळीवाड्याला तसा शब्द दिलाय आणि मोरीच्या चिऱ्यांवर तोच शब्द आहे. साडेसात. वरळीच्या टोकावर खाडीकर गाऱ्हाणं घालतात. नऊ. उधाण आलं, तीन तास आधी. होड्या बांधाला भिडल्या, चिरे बसवणारे अजून खालीच होते. साडेनऊ. बांधकऱ्यांची पुढची फळी मागे सरते. दहा. मोरीतून होड्या आत शिरतायत हे पाहून बांधकऱ्यांचा म्होरक्या धोंडनाईक मोरी बुजवायचा हुकूम देतो. साडेदहा. मोरीचे चिरे सुटतात, बांध मधोमध फुटतो, साठ माणसं पलीकडच्या तुकड्यावर एकटी पडतात. खाडीकर जल्लोष करतात. अकरा वाजून काही मिनिटं. एका तांडेलाच्या लक्षात येतं की होडीची नाळ खाली चाललीय. बारा. समुद्राने आपलं पाणी परत घेतलं. होड्या चिखलात आडव्या.

कोणी जिंकलं? तक्ता करण्याआधी मला माहीत नव्हतं. खाडीकर जिंकणार असं मी धरून चाललो होतो. वेळा आणि पाणी शेजारी शेजारी लिहिल्यावर दिसलं की दोघंही आपापल्याच कर्जाखाली बुडतात. बांध पडला, होड्याही गेल्या, आणि दुपारच्या उन्हात गुडघाभर चिखलात दोन दमलेल्या जमावांकडे एकमेकांकडे पाहण्यावाचून काही उरलं नाही.

तक्ता झाला की तो खेळून पाहा. मी स्वयंपाकघरातल्या फरशीवर खडूने खिंडार काढतो. बांधकऱ्यांना हरभरे, खाडीकरांना तुरीची डाळ, होडीला आगपेटीची रिकामी पेटी. दोन मित्रांना बोलवा, दोघांना एकेक बाजू द्या आणि सांगा की जिंकायचा प्रयत्न करा. तुम्ही फक्त पाण्याचे तास पुकारा. मी केलं तेव्हा बांधकऱ्यांकडून खेळणाऱ्या मित्राने पहिल्याच तासाला विचारलं, "मी मोरीच्या तोंडाशी एक बुडवलेली होडी का टाकू नये? शब्द मोडत नाही आणि वाटही बंद होते." मी गप्प झालो. त्याला उत्तर शोधताना धोंडनाईकाचा स्वभाव मला सापडला: त्याला ते सुचलं होतं, पण होडी बुडवायला भरलेलं पाणी लागतं, आणि पाणी येईल यावर त्याचा विश्वासच नव्हता.

दोन डोळे पुरेत

चारशे माणसांची लढाई चारशे डोळ्यांनी दाखवायला गेलात तर वाचकाला काहीच दिसणार नाही. दोन माणसं निवडा, एकेका बाजूची. दोघंही सेनापती नकोत. दोघांच्या हाताला काम हवं, कारण काम करणाऱ्या माणसाच्या नजरेतून लढाई स्पष्ट दिसते. मी मोरीवरची पाथरवटीण रखमा घेतली आणि एका होडीवर वल्हं मारणारा सतरा वर्षांचा जानू. आभाळातून पाहणारी घार अधूनमधून एखाद्या वाक्यापुरती चालेल, त्याहून जास्त नको.

जवळून लिहायचं म्हणजे किती जवळून? दहा वाजताचा प्रसंग मी असा लिहिला:

"रखमाने तळवा चिऱ्यावर टेकवला. सकाळी बसवला तेव्हा तो गार होता, आता हाताला ऊब लागत होती. वरून धोंडनाईक ओरडत होता, बुजवा, बुजवा, आणि दोन माणसं वाळूची पोती घेऊन तिच्या मागे येऊन उभी राहिली होती. कोळीवाड्यातल्या म्हातारीच्या ओट्यावर बसून तिने हा शब्द दिला होता. म्हातारीने तिला तांदळाची भाकरी आणि सुक्या बोंबलाची चटणी वाढली होती आणि भाकरी संपेपर्यंत एक अक्षर बोलली नव्हती. 'सरक बाई,' पोतंवाला म्हणाला. त्याचा आवाज रागावलेला नव्हता, घाबरलेला होता. रखमा सरकली. पहिलं पोतं मोरीत पडलं. तिच्या तळव्याखाली चिरा हलला, झोपेत पोर कूस बदलतं तसा, आणि सांध्यातून बोटभर पाण्याची धार तिच्या मनगटावर आली."

यात एकही मंत्र नाही, प्रकाशाचा लोळ नाही. तरी ही लढाईतली सगळ्यात मोठी जादू आहे, आणि ती एका मनगटावर दाखवलीय. मोठ्या घटनेला लहान खूण शोधा. पहिल्या खर्ड्यात मी इथे बांध "प्रचंड गडगडाटासह" पाडला होता. तो गडगडाट काढल्यावर प्रसंग उभा राहिला.

भाषेबद्दल थोडंसं. मंत्र लिहायचा झाला की आपला हात लगेच संस्कृताकडे वळतो. गाऱ्हाण्याची, ओवीची, जात्यावरची मराठी जास्त धारदार असते आणि वाचकाच्या कानात ती आजीच्या आवाजात वाजते. कोळी बोली वापरायची असेल तर ती बोलणाऱ्याकडून तपासून घ्या. ऐकीव बोली घातलीत तर कोळीवाड्यातल्या वाचकाला पहिल्या ओळीला परकं वाटेल. धावपळीत वाक्यं आखूड करा, पण सगळीच आखूड केलीत तर धाप वाचकाला लागते आणि पात्रं मागे राहतात. आणि "रक्ताचे पाट" लिहू नका. एका माणसाची एक जखम लिहा, ती कोणी बांधली आणि कशाने बांधली ते लिहा.

दुपारी बारानंतर

बहुतेक लढाया विजयाच्या आरोळीवर संपवल्या जातात. मी तुम्हाला आग्रहाने सांगेन, आणखी सहा तास लिहा. संध्याकाळचे सहा वाजेपर्यंत. खऱ्या पाण्याचा हिशेब तेव्हा पुरा होतो.

या सहा तासांसाठी वहीत प्रश्न काढून ठेवा. चिखलात रुतलेल्यांना कोण बाहेर ओढतं? जखमींना पाणी कुठल्या गटाच्या हंड्यातून मिळतं? पलीकडच्या तुकड्यावर अडकलेल्या साठांना रात्री भरती येण्याआधी उतरवायला होडी कोणाची? मेलेल्यांची नावं कोण घेतं, आणि दोन्ही बाजूंना ज्याचं नातं आहे तो कुठे जाऊन बसतो? शब्द मोडणाऱ्या धोंडनाईकासमोर रखमा उभी राहते तेव्हा ती त्याला काय म्हणते? मी तिला तिथे काही बोलू दिलेलं नाही. ती सुटलेल्या चिऱ्यांतला एक उचलून पाठीवर घेते आणि कोळीवाड्याच्या दिशेने चालायला लागते.

त्या चिऱ्याचं वजन किती, हेही ठरवून ठेवा. चार पावलांवर तिला थांबायला लागेल की चाळीस, त्यावर पुढचं प्रकरण अवलंबून आहे. मी दादरला एका बांधकामाच्या जागी जाऊन मुकादमाला विचारून दगड उचलून पाहिला. खांदा दोन दिवस दुखत होता. रखमा माझ्या गोष्टीत अकरा वेळा थांबते, आणि अकराव्या वेळी जानू चिखलातून वर येऊन दगडाची दुसरी बाजू धरतो.

लिहून झालं की ज्याला ती जागा माहीत आहे अशा एका माणसाला वाचून दाखवा. नवा खर्डा घेऊन मी पुन्हा वरळीला गेलो. मावशी जाळं विणत बसल्या होत्या. या वेळी त्यांनी पाण्याबद्दल काही म्हटलं नाही. नऊ वाजताची उसनी भरती आली तेव्हा त्यांचा हात थांबला, आणि बाराला होड्या आडव्या झाल्या तेव्हा त्या म्हणाल्या, "त्या पोराच्या होडीचं नाव काय रे? होडीला नाव नाही दिलंस."

मी वही उघडली आणि नाव विचारलं. त्यांनी त्यांच्या सासऱ्यांच्या होडीचं सांगितलं.